ओघाच्या नावाखाली

बसवनगुडी
८ जून २०२५

श्रीरंग,

फोनवर तू बोलतोस आणि मी ऐकत राहते, लहानपणापासून हेच चालत आलंय. म्हणून लिहितेय. कागदावर तुला मला मधे तोडता येणार नाही.

तुझ्या कादंबरीचा तिसरा भाग, 'सातवं वळण', संपवला. आईला वाचून दाखवला, मोतीबिंदूच्या ऑपरेशननंतर तिला बारीक अक्षर अजून नीट लागत नाही. मी रक्तपेढीतून आले की दुपारी चार-पाच पानं, असा महिना गेला. शेवटच्या प्रकरणाला ती रडेल म्हणून मी पाण्याचा तांब्या जवळ घेऊन बसले होते. ती रडली नाही. देवळात बसतात तशी हात जोडून बसली आणि म्हणाली, "बघ, माझं पोर किती शांतपणे गेलं."

विराज शांतपणे गेला नाही. तू आणि घरमालक शिवाप्पा यशवंतपूरच्या त्या खोलीचं दार तोडून आत गेलात तेव्हा तो मोरीच्या उंबऱ्याशी पडला होता. नाकातून आलेलं रक्त शर्टावर वाळलं होतं. हे तूच मला सांगितलंस. दुसऱ्या दिवशी सकाळी तो गेला, छत्तिसाव्या वर्षी, डेंग्यूनं. त्याच्या जाण्यानं कुठली नदी वाहायला लागली नाही.

तुझ्या पुस्तकात लागते. उजाळ डोंगरावर जाऊन मरतो आणि सात वर्षं कोरड्या पडलेल्या ओघदेशात पाणी येतं. जायच्या आधी तो आपल्या मित्राला, सारंगला, शंखातून सांगतो, "येऊ नकोस, हे वळण माझं एकट्याचं आहे." उजाळ म्हणजे विराज आणि सारंग म्हणजे तू, हे आपल्या घरात सगळ्यांना कळतं.

ओघदेश कुणाचा, ते जरा आठव. विराज आठ वर्षांचा होता, कांजिण्यांनी अंथरुणात. तू आणि मी कंटाळून त्याच्या खाटेशी बसलो होतो. तो म्हणाला, एक देश आहे, तिथं गोष्ट ही वाऱ्यासारखी खरीच असते, अंगाला लागते. तिचं नाव ओघ. माणसं चालतात ती आपल्या मनानं नाही, ओघ त्यांना ओढतो. घर सोडून गेलेला परत येणारच. तिसरी हाक ऐकू जाणारच. सात वळणं झाल्याशिवाय काहीच संपणार नाही. आणि ज्यांच्या तळपायांना पुढचं वळण आधी कळतं ते वळणकरी. तू वहीत उतरवून घेतलंस, मी नकाशे काढले. सातवं वळण जीव घेतं हा नियम त्यात नव्हता. तो तू मागाहून घातलास.

पण मी हे लिहितेय ते त्यासाठी नाही. अर्पणपत्रिकेसाठी लिहितेय. "विराजला, जो कुणालाही हाक न मारता गेला." आई ते पान उघडून त्यावरून बोट फिरवत बसते. लग्न पंधरा दिवसांवर आलेलं असताना त्यानं मोडलं तेव्हा ती त्याला म्हणाली होती, मला तोंड दाखवू नकोस. तो घर सोडून गेला. आठ महिन्यांनी मेला. ती समजते की त्या बोलण्यापायी त्यानं तिला बोलावलं नाही. आता तू ते छापून तिच्या हातात दिलंस.

पुढच्या आवृत्तीत ते वाक्य काढ.

अनुसूया


मल्लेश्वरम
१४ जून २०२५

प्रिय अनू,

पत्रात 'अण्णा' नाही, हे आधी दिसलं. बाकीचं नंतर वाचलं.

तुझा राग मी समजू शकतो. विराज तुझा सख्खा भाऊ होता. पण मला सहाव्या वर्षी काकूनं आपल्या घरी आणलं, तेव्हापासून तो माझाही होता. त्याच्या जाण्यानंतर वर्षभर मी एक ओळ लिहू शकलो नव्हतो. मग एके दिवशी ओघ आला. तू हसशील, पण लिहिणाऱ्याला तो खरोखर येतो. ओघदेश आपण कल्पनेनं रचला असं तुला वाटतं. मला गेली कित्येक वर्षं वाटतंय की विराजला लहानपणी एक खरी गोष्ट दिसली होती. जगात घडणाऱ्या सगळ्याला आतून एक घाट असतो. तो दिसत नाही म्हणून आपण रडत बसतो. लिहिणाऱ्यानं तो घाट उघडा करायचा. उजाळनं मरावं असं मी ठरवलं नाही. पहिल्या भागापासून सगळी वळणं तिकडंच चालली होती. मी फक्त वाट सोडून उभा राहिलो.

आयुष्यानं विराजला जे दिलं नाही ते मी त्याला दिलं. त्याच्या मरणाला अर्थ दिला. सोलापूरहून एका बाईंचं पत्र आलंय, त्यांचा मुलगा अपघातात गेला. त्या लिहितात की शेवटचं प्रकरण वाचून त्यांना दोन वर्षांनी झोप लागली. काकूनं हात जोडले, असं तूच लिहितेस. तिला शांत वाटलं असेल तर ते तिच्यापासून काढून घ्यायचा अधिकार तुला कुणी दिला?

अर्पणपत्रिकेतलं वाक्य खरं आहे. त्यानं कुणालाही हाक मारली नाही. मी त्या दिवशी लिहून झालेलं प्रकरण वाचून दाखवायला म्हणून सहज गेलो नसतो तर तो आणखी दोन दिवस तसाच पडून राहिला असता. काकू मला आजही म्हणते, तू गेलास म्हणून निदान दवाखाना तरी बघितला त्यानं.

स्वल्प शांत हो. पुढच्या आठवड्यात येतो.

तुझा,
श्रीअण्णा


बसवनगुडी
१७ जून २०२५

श्रीरंग,

येऊ नकोस. एका प्रश्नाचं उत्तर लिहून पाठव.

पान तीनशे बारा. उजाळ शंखातून सारंगला म्हणतो, "ताप उतरलाय रे, पण पाय थंडगार पडलेत. पोटात कुणी पिळा घालतंय." आईला वाचून दाखवताना मी तिथं अडखळले होते, पण पुढं गेले. परवा ड्यूटीवर एका पेशंटसाठी प्लेटलेट्स पाठवत होते. सोबतच्या कागदावर डॉक्टरनं लिहिलं होतं, ताप उतरला, हातपाय थंड, पोटदुखी. डेंग्यूत हीच वेळ घाताची असते. लोकांना वाटतं ताप गेला म्हणजे बरं वाटतंय. घरी येऊन ते पान पुन्हा काढलं.

तू आत गेलास तेव्हा विराज बेशुद्ध होता. दवाखान्यात तो शुद्धीवर आला नाही. दोन दिवस आधी तो माझ्याशी फोनवर बोलला तेव्हा त्याला एकशे तीन ताप होता.

मग ताप उतरलाय आणि पाय थंड पडलेत, हे त्यानं कुणाला सांगितलं?

अनुसूया


मल्लेश्वरम
२ जुलै २०२५

अनू,

पुण्याला होतो, प्रकाशकांनी तीन ठिकाणी कार्यक्रम ठेवले होते. म्हणून उशीर.

तुझ्या प्रश्नाचं उत्तर सोपं आहे. मी लेखक आहे. प्रकरण लिहिण्याआधी डेंग्यूबद्दल वाचलं, दोन डॉक्टरांशी बोललो. पाय थंड पडणं, पोटात दुखणं, हे कुठंही सापडतं. तू रोज हेच बघतेस, म्हणून तुला एका वाक्यात पुरावा दिसायला लागला. तुझी ड्यूटी जड आहे, घरी काकूचं बघतेस. चार दिवस रजा घे. तुझ्या हर्षितालाही बरं वाटेल, लेकीच्या वाट्याला आई कधी येतेय.

हा विषय आता इथंच थांबवू या. कृपा करून काकूसमोर असलं काही बोलू नकोस.

श्रीअण्णा


बसवनगुडी
९ जुलै २०२५

श्रीरंग,

काकूसमोर बोलू नकोस, हे वाक्य तू लिहायला नको होतंस. ते वाचलं आणि मी उठून कपाट उघडलं.

दवाखान्यानं विराजचा फोन प्लास्टिकच्या पिशवीत घालून दिला होता. आईनं तो तिच्या लग्नातल्या शालूखाली ठेवलाय, कुणाला हात लावू देत नाही. मी तिला म्हटलं, त्यातले फोटो बघू या. ती सरी, बरं, म्हणाली. चार्जर मिळायला अर्धा दिवस गेला. तो उघडायचा नंबर तिलाच पाठ होता. तिला तिच्या फोनचा नंबर लक्षात राहीना म्हणून विराजनं दोन्ही फोनना एकच घातला होता.

फोटो ती बघत बसली. मग तिच्याकडून घेऊन मी कॉलची यादी उघडली.

१९ ऑगस्ट २०२२. दुपारी बारा चाळीस, श्रीअण्णा, चार मिनिटं अकरा सेकंद. दोन पन्नास, श्रीअण्णा, उचलला नाही. चार वाजून पाच मिनिटं, श्रीअण्णा, उचलला नाही. त्यानंतर काही नाही.

तीन वेळा. ओघदेशात तिसरी हाक ऐकू जाते ना रे? ती न ऐकणाऱ्याचे कान दगडाचे होतात, असंही आपण लिहिलं होतं. तुझे झाले नाहीत. तुला तर पुरस्कार मिळाला.

चार मिनिटांत काय झालं ते मी सांगते, चुकलं तर दुरुस्त कर. तो म्हणाला ताप उतरलाय, पाय थंड पडलेत, पोटात पिळा पडतोय, तीन जिने उतरवत नाहीत, ये. आणि तू म्हणालास, येतो. तू नाही म्हणाला नसशील, तुला नाही म्हणता येत नाही. तू 'येतो' म्हणालास, म्हणून त्यानं दुसऱ्या कुणाला फोन केला नाही. मला नाही, आईला नाही, खाली राहणाऱ्या शिवाप्पाला नाही. तू येणार होतास. मल्लेश्वरमहून यशवंतपूर, रिक्षानं पंधरा मिनिटं.

मी त्या दिवशी कामावर होते. फोन समोर टेबलावर होता. आमच्या फ्रीजमध्ये त्याच्या गटाचं रक्त होतं, मी नंतर रजिस्टर काढून बघितलं होतं. तीन वर्षं मी स्वतःला विचारतेय की सख्ख्या बहिणीला त्यानं का बोलावलं नाही. तो दोन दिवस आधी साधा ताप म्हणाला आणि मी, जी रोज हेच बघते ती, पाणी पी म्हणून फोन ठेवला. याचा मी काय काय अर्थ लावला तुला माहीत नाही. आई तर रोज लावते. तुला सगळं ठाऊक होतं. तू उगादीला आमच्याकडे जेवायला बसायचास, आई तुझ्या पानात तूप वाढता वाढता म्हणायची, तू होतास म्हणून. आणि तू जेवायचास.

मग तू पुस्तक लिहिलंस. त्यात मरणाऱ्याच्याच तोंडी घातलंस, येऊ नकोस. म्हणजे सारंगनं जायचं नव्हतंच. ओघाचीच तशी इच्छा होती. मला आता कळलं की उजाळ का मरतो. गोष्टीला पाहिजे होतं म्हणून नाही, तुला पाहिजे होतं म्हणून.

विराजला ओघ आवडत नव्हता, हे तुला आठवतंय का? मोठा झाल्यावर तो म्हणायचा, लहान असताना मी भलताच दुष्ट देश काढला, तिथं कुणाला आपल्या मनानं घरी जाता येत नाही. त्याला तिसऱ्या भागात असा माणूस हवा होता जो चौथ्या वळणावर खाली बसतो आणि म्हणतो, मी पुढं येत नाही, मला भूक लागलीय. ओघ त्याला ओढतो, झाडं वाकतात, पण तो उठत नाही. लग्न मोडलं त्या आठवड्यात तो मला हे सांगत होता आणि आम्ही दोघं हसत होतो. तुलाही त्यानं सांगितलं होतं. तू म्हणालास, त्याची गोष्ट होत नाही.

अनुसूया


मल्लेश्वरम
२० जुलै २०२५

अनू,

तू लिहिलंस ते खरं आहे. दुरुस्ती फार थोडी आहे.

तो म्हणाला, "अण्णा, ताप उतरला, पण काहीतरी बरोबर नाही. येतोस का?" मी म्हटलं, "अर्ध्या तासात येतो, पडून राहा." ताप उतरला म्हणाला म्हणून मला बरंच वाटलं होतं. डॉक्टर नाही मी, पाय थंड पडण्याचा अर्थ मला ठाऊक नव्हता. खरंच नव्हता. चार मिनिटांतली दोन तो माझ्याच लिखाणाबद्दल विचारत होता. दुसऱ्या भागाचं शेवटचं प्रकरण चाललंय म्हटल्यावर तो म्हणाला, "मग ते संपवूनच ये, नाहीतर माझ्यावर चिडशील." हसला. हे मी माझ्या बाजूनं म्हणून लिहीत नाही. घडलं ते लिहितोय.

मी बसलो. फोन आतल्या खोलीत होता, आवाज बंद. अक्षरं धावत होती. मला वाटलं हेच ते, ओघ म्हणतात ते. असं आयुष्यात दोन-तीनदाच झालंय. पाच वाजता प्रकरण संपलं, मी अंघोळ केली, कॉफी घेतली. मग फोन बघितला. दोन मिस्ड कॉल दिसले आणि मी रिक्षा पकडली. पावणेसहाला मी तिथं पोचलो. प्रकरण सोबत नेलं होतं.

दवाखान्यात डॉक्टरीणबाईंनी मला बाजूला घेऊन विचारलं, दुपारी का आणलं नाही? मी म्हटलं, आम्हाला कळलंच नाही. त्या वेळी काकू दारातून आत येत होती. तिनं माझे दोन्ही हात धरले. त्यानंतर ते वाक्य मला परत घेता आलं नाही. दर दिवशी ते जास्त खरं होत गेलं. पुस्तक लिहून झालं तेव्हा माझा स्वतःचाही त्यावर विश्वास बसला होता. ते एक वाक्य मात्र, पाय थंड पडल्याचं, कितीदा खोडलं आणि कितीदा परत लिहिलं. ते त्याचं होतं. काढवेना.

अनू, मी हे जगासमोर मांडायला तयार आहे. नवीन आवृत्तीसाठी शेवट पुन्हा लिहायला घेतलाय. त्यात सारंग कबूल करतो की हाक आली होती आणि तो गेला नाही. मग तो उजाळच्या आईसमोर येतो, आणि ती त्याला उठवून जवळ घेते. लिहिताना मी पहिल्यांदा रडलो. तू वाचशील का? आणि तुला जमेल तेव्हा, मला क्षमा करशील का?

श्रीरंग


बसवनगुडी
२३ जुलै २०२५

श्रीरंग,

तू अजून तिथंच आहेस.

तुझी कबुली वाचताना मला वाटत होतं की शेवटी एकदा माणूस बोलतोय. आणि मग तू उजाळच्या आईला आणलंस. ती त्याला उठवून जवळ घेते. तू माझ्या आईला काही सांगितलेलंही नाहीस आणि तिनं काय करायचं ते लिहून मोकळा झालास. तू विराजचं मरण लिहिलंस, आता आमची माफी लिहितोस. पत्राच्या तळाशी विचारतोस, जमेल का. मी नाही म्हटलं तर तेही तुझ्या कुठल्यातरी वळणात बसेल, मला माहीत आहे. बहिणीचा राग, सहावं वळण.

मला तुझा राग येतो तो तू गेला नाहीस म्हणून येतो, पण तेवढ्यासाठी नाही. माणसाकडून उशीर होतो. माझ्याकडूनही दोन दिवस आधी झाला. तू त्याच दिवशी, दवाखान्याच्या त्याच व्हरांड्यात म्हणाला असतास की त्यानं मला फोन केला होता, तर आई तुला दोन थपडा मारून तुझ्याच खांद्यावर रडली असती. मीही. तू आमच्याकडून ते काढून घेतलंस आणि तिला तीन वर्षं एकटीला दोषी बसवलंस. रोज संध्याकाळी दिवा लावताना ती पुटपुटते, तोंड दाखवू नको म्हटलं म्हणून दाखवलं नाहीस ना. मला बाहेरच्या खोलीत ऐकू येतं. तुलाही ऐकू आलंय, तू दोन वेळा तिथं बसलेला होतास.

माफी मी देत नाही. कधी देईन असंही म्हणत नाही. नवा शेवट मला पाठवू नकोस.

एक काम कर. घरी ये आणि आईला सांग. तोंडानं, तिच्यासमोर बसून. लिहून आणू नकोस. ओघ, घाट, अर्थ यातला एकही शब्द वापरू नकोस. किती वाजता फोन आला, तू काय म्हणालास, किती वाजता निघालास, एवढंच. ती काय करेल ते मला ठाऊक नाही आणि तुलाही असता कामा नये.

रविवार, ३ ऑगस्ट, सकाळी अकरा. आला नाहीस तर मी सांगेन. पण ते तुझ्या तोंडून ऐकायचा तिचा हक्क आहे.

अनुसूया


मल्लेश्वरम
६ ऑगस्ट २०२५

अनुसूया,

मी आलो होतो तेव्हा तू मुद्दाम स्वयंपाकघरात राहिलीस, ते बरं केलंस. तुझ्यासमोर मी पुन्हा वाक्यं जुळवली असती.

मी काकूला सगळं सांगितलं. बारा चाळीस, दोन पन्नास, चार पाच, पावणेसहा. सांगायला दहा मिनिटंही लागली नाहीत. तीन वर्षं मला वाटत होतं की हे सांगायला जन्म लागेल. ती माझ्याकडे बघत नव्हती. मांडीवरच्या शेवग्याच्या पाल्यातून काड्या वेचत होती, ती शेवटपर्यंत वेचत राहिली. मग तिनं एकच विचारलं, "अंघोळ करून निघालास?" मी हो म्हटलं. ती ताट घेऊन उठली आणि आत जाऊन तिनं दार लावलं. मी तासभर बसलो. हर्षितानं पाणी आणून दिलं, तिला काय झालंय ते कळत नव्हतं. मग मी निघालो.

मला वाटलं होतं ती ओरडेल. मी तयारी करून आलो होतो.

नव्या शेवटाची पानं मी टाकून दिली. प्रकाशकांना कळवलंय की अर्पणपत्रिकेतलं वाक्य खोटं आहे, ते काढा, आणि कारण मीच पुढच्या आवृत्तीत लिहीन. ते नाखूश आहेत. पुढच्या भागाबद्दल त्यांनी जे ठरवायचं ते ठरवावं.

काकू काय म्हणाली? काही म्हणाली असेल तर कळव. वाईट असलं तरी.

श्रीरंग


बसवनगुडी
१७ ऑगस्ट २०२५

श्रीरंग,

तू गेल्यावर आई दोन तास दार उघडेना. उघडलं तेव्हा तिनं विराजचा फोन मागितला आणि त्यातल्या त्या तीन ओळी मला दाखवायला लावल्या. बोटानं एकेक धरून वाचल्या. मग म्हणाली, "म्हणजे तो माझ्यावर रुसून गेला नव्हता."

मी म्हटलं, नव्हता.

"त्याला कुणीतरी येतो म्हटलं होतं."

मी हो म्हटलं. त्यानंतर ती जी रडायला लागली ती संध्याकाळपर्यंत. तेराव्यालाही अशी रडली नव्हती. मधे मधे तुला शिव्या देत होती, कानडीतून, तिला अशा शिव्या येतात हे मला माहीत नव्हतं. विराजलाही देत होती, की जिने उतरवत नव्हते तर खिडकीतून ओरडायचं होतंस मूर्खा, शिवाप्पा खालीच होता. मला विचारलं, तू दोन दिवस आधी बोललीस तर गेली का नाहीस? मी म्हटलं, चुकलं. तिनं मान हलवली. तुला सांगते, तिनं मला ते विचारलं तेव्हा मला हलकं वाटलं. तीन वर्षांत ती कुणावरच चिडली नव्हती.

त्या दिवसापासून दिवा लावताना ती काही पुटपुटत नाही.

काल म्हणाली, मला त्याची खोली बघायचीय. तो तिथं राहायला गेल्यापासून ती एकदाही गेली नव्हती, आधी रागानं आणि नंतर भीतीनं. साऊथ एंड सर्कलहून आम्ही मेट्रोनं गेलो. आता त्या खोलीत गदगचं एक जोडपं राहतं. शिवाप्पानं त्यांना सांगून ठेवलं होतं, त्यांनी आम्हाला बसायला खुर्ची दिली. आईचे गुडघे दुखत होते तरी तीनही जिने चढली, प्रत्येक जिन्यावर थांबून. मोरीच्या उंबऱ्याशी उभी राहिली. त्या मुलीकडून पाणी मागून घेतलं, प्याली, तिच्या डोक्यावर हात ठेवला, आणि आम्ही खाली आलो.

खाली पायरीवर बसून तिनं विचारलं, मल्लेश्वरम इथून कुठल्या बाजूला. मी हात करून दाखवलं. ती त्या रस्त्याकडे बघत राहिली. रिक्षा येत होत्या, जात होत्या. मला वाटतं पंधरा मिनिटं म्हणजे किती ते ती बघत होती. तेवढा वेळ झाल्यावर ती उठली.

घरी आल्यावर तिनं हा निरोप सांगितला. तू विचारलंस म्हणून जसाच्या तसा लिहितेय, माझा एकही शब्द घातलेला नाही.

"त्याला मी सहा वर्षांचा आणला, माझ्या हातानं भरवला. तो माझा नाही असं मी म्हणणार नाही. पण मला त्याचा फार राग आलाय. हा राग जाईल का, केव्हा जाईल, मला माहीत नाही. गेला तर मी फोन करीन. तोवर त्यानं येऊ नये. त्याला म्हणावं, वाट बघ."

अनुसूया